आखूड वासातली दुपार

तिला सगळे झटपट म्हणत. माहेरी पडलेलं नाव सासरीही चिकटलं, आणि मोज्यांच्या कारखान्यात तर हजेरी घेणारा मुकादमही तिचं खरं नाव विसरून गेला. हात भलतेच चपळ. लहानपणी आईनं शेंगा सोलायला बसवलं की भावंडं टरफलांशी खेळत असायची, तोवर हिची परात भरलेली. "पोरगी आहे की यंत्र!" आई कौतुकानं म्हणायची. पुढे आयुष्य यंत्रापुढेच गेलं.

कारखान्यात तिचं काम मोज्याचं टोक बंद करायचं. विणून आलेला मोजा नळीसारखा दोन्हीकडून उघडा असतो. गोल चकतीवर बारीक सुयांची रांग. टोकाचा एकेक टाका एकेका सुईवर चढवायचा, चकती फिरत जाते, दोरा टाके ओवत जातो. एक टाका सुटला की मोज्याला भोक, आणि मोज्याला भोक पडलं की मुकादमाचं तोंड सुटलंच. सकाळ कशीबशी निघायची. पण जेवणानंतर जीव नकोसा व्हायचा. डोळ्यांपुढे सुया नाचायच्या, मान दगडासारखी व्हायची, आणि घड्याळाचा काटा कुणीतरी खिळा ठोकून बसवल्यासारखा जागच्या जागी.

अशात एक दिवस गंधवाला आला.

वासांनी वेळ लांबवता-आखडता येतो, हे ऐकून सगळ्यांना माहीत होतं. कॉलेजात त्याचं शास्त्र शिकवत. दाताच्या डॉक्टरकडे आखूड वास लावलेला असे. खुर्चीत टेकलं न टेकलं तोच उठायची वेळ. मोठ्या हॉटेलांत लांब वास असे, जुन्या पेटीत ठेवलेल्या लोकरीसारखा; तिथं एका दिवसाची सुटी काढून आलेली माणसं ऋतू पालटेपर्यंत राहून आल्यासारखी गप्पा मारत. पण ही सगळी पैसेवाल्यांची चैन. मोज्यांची टोकं शिवणाऱ्या बायकांसाठी कुणी वास लावील असं त्यांच्या स्वप्नातही नव्हतं.

गंधवाल्यानं भिंतीवर पत्र्याच्या चपट्या डब्या बसवल्या. प्रत्येक डबीत तेलात भिजवलेली नमद्याची, म्हणजे दाबलेल्या लोकरीची, पट्टी आणि मागे इवलासा पंखा. तो उमदा माणूस होता, विचारलं तर नीट सांगायचा.

"घड्याळ आपलं चालतं तसंच चालणार, ताई. फक्त मन जे मोजत बसतं ना, किती झाले, किती उरले, ते मोजणं हा वास थांबवतो. तुम्ही जाग्या असाल, बोलाल, हसाल, हात चालेल. पण वेळ अंगाला लागणार नाही."

"आणि मग आठवतं का काही?" कोणीतरी विचारलं.

"मोजलं नाही ते साठत नाही," तो म्हणाला. "पण इथलं साठवून करायचंय काय तुम्हाला?"

बायका खो खो हसल्या. मुकादमानं हात वर करायला सांगितलं. सक्ती नव्हती, नको असेल तिनं नको म्हणावं. झटपटनं दोन्ही हात वर केले.

पहिल्या दिवशी वास आला तो कच्च्या काकडीसारखा, आणि त्याच्यामागे दगडी पाटीवर पाणी शिंपडल्यासारखा. झटपटनं पहिला मोजा चकतीवर चढवला आणि घंटा झाली. तिला वाटलं, चुकून झाली. बघते तर शेजारी टोकं शिवलेल्या मोज्यांचा ढीग, आणि बायका डबे उघडतायत. जेवल्या, परत बसल्या, आणि लगेच दिवेलागणीची घंटा. सगळ्या एकमेकींकडे बघून हसत सुटल्या. फाटकातून बाहेर पडताना एक म्हातारी बाई चक्क उड्या मारत होती.

फक्त एकीला काही झालं नाही. ती झटपटच्या शेजारच्याच यंत्रावर बसायची. लहानपणीच्या तापात तिचा वास घ्यायचा गुण गेला होता. नाक होतं चांगलं हातभर, पण काम शून्य. म्हणून बायका तिला बिननाकी म्हणत. सगळ्या हसत असताना ती मान चोळत म्हणाली, "मजा आहे बाई तुमची. माझा दिवस तर आज दुप्पट झाला. बोलायला माणूसच नाही."

"म्हणजे? आम्ही बोलत नव्हतो?"

"बोलत होतात की. पण पाण्यावर लिहावं तसं."

झटपटला ते तेव्हा विनोदी वाटलं.

तिचा नवरा लिफ्ट दुरुस्त करायचा. माणूस वाईट नव्हता, पण एकदा बोलला की बोलला; त्याचा शब्द म्हणजे दगडावरची रेघ. त्यांना एकच मुलगी. लेक तेव्हा शाळेत जायला लागली होती. संध्याकाळी झटपट घरी आली की पोर धावत येऊन आईच्या कुशीत तोंड खुपसायची. आईच्या केसांना, कपड्यांना कारखान्याचा वास असे. पोर एकदा म्हणाली, "आई आली की लगेच झोपायची वेळ होते. बाबा असले की नाही होत."

नवरा-बायको दोघंही हसली. पोरीच्या तोंडून काय एकेक निघतं, म्हणून झटपटनं ते शेजारणीलाही सांगितलं. कपडे बदलून पोरीला जवळ घ्यावं, हे मात्र तिला सुचलं नाही. खरं तर त्या वासात संध्याकाळचा स्वयंपाक, भांडी, नवऱ्याची कुरकुर, सगळंच कसं घरंगळून जायचं. बरं वाटायचं. सर्दी झाली की मात्र तिच्यावर आभाळ कोसळायचं. नाक चोंदलं की तो जुना, लांबलचक दिवस पुन्हा मानगुटीवर येऊन बसायचा, आणि ती वाफ घेऊन, मिरे चावून सर्दी पळवून लावायची.

अशी वर्षं गेली. किती, ते तिला आजही सांगता येत नाही. लेकीचे दात पडून नवे आले, फ्रॉक जाऊन मोठे कपडे आले, ती आरशापुढे उभी राहायला लागली. झटपटला वाटे, अरे, आत्ताच तर हिला वेणी घालून दिली!

कारखान्यात एक शहाणपण हळूहळू रुजलं होतं. महत्त्वाचं काही सांगायचं तर माणसानं आत यायचं नाही. कुणाचा बाप वारला, कुणाचं पोर पडलं, निरोप फाटकाशी ठेवायचा आणि त्या बाईला बाहेर बोलवून, मोकळ्या हवेत जरा उभं करून मग सांगायचं. आत सांगितलेलं राहत नसे. झटपटनंही लेकीला बजावलं होतं, "काही झालं तरी फाटकाशी थांब."

आणि मग लेकीचं लग्न झालं. टायरच्या दुकानाचा मालक, वयानं बराच मोठा, पण घर भरलेलं, दुकानाच्या वरच राहायला खोल्या. नवऱ्यानंच जमवलं. लेक लग्नात गप्प होती. झटपटला वाटलं, पोरी गप्पच असतात. जाताना लेकीनं तिच्याकडे असं पाहिलं की झटपटनं तिचा हात धरून विचारलं, "काय गं?"

"काही नाही," लेक म्हणाली. "तुला काही बोलायचंय का?"

"सुखी राहा," झटपट म्हणाली. दुसरं काय बोलणार?

त्यानंतर लेक माहेरी फारशी आली नाही. आली तरी पाहुण्यासारखी बसायची; पुढे मुलगी झाली, तिला घेऊनही तशीच.

पुढे कारखान्यात टोकं आपोआप बंद करणारी यंत्रं आली आणि बायकांना घरी पाठवलं. झटपट घरी बसली. धुतलेल्या कपड्यांतला शेवटचा वासही काही दिवसांत उडाला, आणि तिच्यापुढे तास उभा राहिला. अख्खा तास. चहा केला, प्याली, कप विसळला, आणि बघते तर काटा जागचा हललेला नाही. आरशात एक पिकल्या केसांची बाई दिसायची. तिला आतून मात्र अजून ती दोन्ही हात वर करणारी तरुण बाईच वाटत होती. मधलं सगळं गेलं कुठे, हे शोधायला बसलं की हाताला काही लागायचं नाही. मोजेसुद्धा नाहीत.

बिननाकीनं बाजारामागच्या गल्लीत बटणांचं, दोऱ्यांचं छोटं दुकान टाकलं होतं. झटपट तिच्याकडे जाऊन बसायला लागली. बिननाकीला सगळं आठवत होतं. कोण कुणावर रुसली होती, मुकादमाच्या विजारीला मागून भोक पडलं तेव्हा काय झालं, सगळं. झटपट लहान मुलीसारखी विचारायची, "मग मी काय म्हणाले?" आणि स्वतःचंच बोलणं ऐकून हसायची.

एका सकाळी बिननाकी बटणं निवडता निवडता म्हणाली, "लेक कशी आहे गं तुझी? त्या दिवशी इतकी रडत होती पोर, अजून डोळ्यांसमोर येते."

"कुठल्या दिवशी?"

बिननाकीचा हात थांबला. "आत आली होती ना ती. तुझ्या यंत्रापाशी. लग्नाच्या आधी."

"आत? ती कधी आत नाही आली."

"आली होती, झटपट," बिननाकी सावकाश म्हणाली. "मी तिला म्हटलं, फाटकाशी थांब, मी आईला घेऊन येते. मुकादम तुला सोडीना. तिला थांबवत नव्हतं. घरी ती माणसं येऊन बसली होती म्हणे, तुझा नवरा शब्द देणार होता. नाकाला ओढणी दाबून, तुझा हात धरून ती म्हणाली, आई, मला नाही करायचं हे लग्न. तू नको म्हण. तू नको म्हटलंस तर बाबा ऐकतील."

"मी काय म्हणाले?"

आता यात हसण्यासारखं काही नव्हतं.

"बरं, म्हणालीस. मी बोलते बाबांशी, म्हणालीस. तिचे डोळे पुसलेस. एका हातानं. दुसऱ्या हातानं टाका चढवत होतीस."

झटपट एकदम उसळली, "आणि तू? तुला माहीत होतं, मला काही राहत नाही. तू का नाही सांगितलंस?"

"सांगितलं की. लगेच सांगितलं, हो म्हणालीस. सुटल्यावर फाटकापाशी गाठणार होते, तर तू हसत-खिदळत पुढे निघून गेलीस. मला वाटलं, लक्षात आहे, म्हणून घाईनं चालली. आणि मग लग्नाची मिठाई वाटलीस तेव्हा वाटलं, घरचं काहीतरी ठरलं असेल. दुसऱ्याच्या घरात नाक किती खुपसायचं गं?" तिनं निवडलेली बटणं बरणीत लोटली. "तुम्ही सगळ्या होतात तिथं, पण मी एकटीच होते. रोज. हे कुणाला सांगणार होते मी?"

घरी येऊन झटपटनं नवऱ्याला विचारलं. तो आता थकला होता, खुर्चीत पाय वर घेऊन बसायचा.

"ती म्हणाली होती मला, आई बोलेल तुमच्याशी," तो म्हणाला. "मी त्या माणसांना उद्या सांगतो म्हटलं आणि रात्री जेवताना वाट बघितली. तू भाजीत मीठ कमी झालं म्हणालीस, बाकी काही बोलली नाहीस. मी समजलो, तुझी हरकत नाही."

"आणि ती?"

"ती तुझ्याकडेच बघत होती की. जेवण होईस्तोवर."

दुसऱ्या दिवशी झटपट लेकीकडे गेली. खाली दुकानात जावई टायर ठोकत होता. त्यानं मान हलवून जिन्याकडे बोट दाखवलं. तो मारकुटा नव्हता, दारूबिरू नव्हती. फक्त घरातली प्रत्येक किल्ली त्याच्याच कमरेला असे, आणि लेकीनं कुठे जायचं, कुणाशी बोलायचं, हेही त्या किल्ल्यांबरोबरच तिथं लटकत असे. झटपट जिना चढली. लेकीनं दार उघडलं, आणि आतून वास आला. कच्ची काकडी. ओली पाटी.

पुढचं तिला आठवतं ते बस थांब्यावरचं. हातात लेकीनं परत दिलेला रिकामा डबा, घसा खरवडल्यासारखा दुखतोय, डोळे सुजलेले. संध्याकाळ झाली होती. आपण सांगितलं का? ती काय म्हणाली? माफ केलं, की हाकलून दिलं? झटपट थांब्यावरच्या बाकावर बसली आणि डोकं दोन्ही हातांत धरून आठवायला लागली. बस आली, गेली. काही आठवलं नाही.

पुढच्या वेळी ती नाकात बामाचे बोळे घालून गेली. लेक तिच्याकडे बघून पहिल्यांदा हसली. "हे काय सोंग?"

"डबी कुठाय ती?"

डबी स्वयंपाकाच्या ओट्यावर होती. बाजारात आता घरगुती मिळायला लागल्या होत्या. लेकीनं आईकडे बघितलं, झाकण लावलं, खिडकी उघडली. कोपऱ्यात नात पाटावर बसून चित्र रंगवत होती. झटपटनं सगळं सांगितलं. बिननाकी काय म्हणाली, बाबा काय म्हणाले.

"आई, हे तू मागच्या वेळीही सांगितलंस म्हणे, ह्यांना खालपर्यंत ऐकू आलं."

"म्हणे म्हणजे? तू काय म्हणालीस तेव्हा?"

"मला तरी कुठे आठवतंय? रडलो असू. उशी ओली होती."

खालून हातोड्याचा आवाज येत होता. लोखंडावर लोखंड, मग हवा भरायचा पंप, मग पुन्हा लोखंड. लेकीच्या कपाळावर आठ्या जमायला लागल्या.

"ऐकतेस ना? झाकण लावलं की हे असं. सकाळपासून हेच. आणि मग ते वर येतात."

"मला माफ कर, बाळा."

"कुणाला करू?" लेक म्हणाली. तिच्या बोलण्यात राग नव्हता, असता तर झटपटला बरं वाटलं असतं. "मला बजावलं होतं सगळ्यांनी, आत सांगू नकोस, राहत नाही. पण मला वाटलं, एवढी मोठी गोष्ट तरी राहील. आई आहे. राहील. नाही राहिली. आता त्या दुपारी यंत्रापुढे जी बसली होती तिला शोधू कुठे?"

"चल माझ्याबरोबर. पोरीलाही घे. आजच."

"आणि काय करू? मी काही शिकले नाही, कुठे काम केलं नाही. इथं येऊन किती वर्षं झाली, तेही पोरीच्या उंचीवरून मोजते." तिचा हात ओट्याकडे गेला. "तू जा आता, आई. मला अजून संध्याकाळ काढायचीय."

"पोरीसमोर तरी नको लावूस गं."

"मग पोरीला घेऊन जात जा दुपारची. मी ह्यांना विचारते."

जावई नाही म्हणेल असं झटपटनं धरूनच ठेवलं होतं. तो हो म्हणाला. झटपटच्या अंगात बारा हत्तींचं बळ आलं. तिनं घर झाडून-पुसून घेतलं, नवऱ्याला दाढी करायला लावली, रंगाच्या पेट्या आणल्या, गोट्या आणल्या, कुठून तरी मांजराचं पिल्लू मागून आणलं. लेकीची सगळी हरवलेली दुपार आता नातीला द्यायची, एकेक क्षण मोजून द्यायचा, असं तिनं मनाशी घेतलं होतं.

नात आली. रंगवलं, गोट्या खेळली, पिल्लाला दूध पाजलं. आजोबांनी लिफ्टमध्ये अडकलेल्या जाड्या सावकाराची गोष्ट सांगितली, ती हसली. मग ती थांबली आणि खोलीभर बघायला लागली.

"आजी, संध्याकाळ झाली?"

"अजून नाही गं. आत्ताच तर आलीस."

"नाही, खूप झालं. खूप झालं आजी." तिच्या ओठांचे कोपरे खाली वळले. "हे संपत का नाहीये?"

"काय संपत नाहीये, सोन्या?"

पोरीला सांगता येईना. ती उठली, बसली, दाराशी गेली, परत आली. हवेत हात फिरवला, जणू अंगाला काहीतरी लागत होतं. मग तिनं आजीच्या मांडीत तोंड खुपसलं, जोरजोरात श्वास घेतला आणि आजीच्या कपड्यांना नुसता साबणाचा वास आहे हे कळल्यावर हंबरडाच फोडला. जन्मल्यापासून तिनं अख्खी दुपार कधी पाहिलीच नव्हती. पिल्लू घाबरून कपाटाखाली गेलं. आजोबा म्हणाले, "अगं, पोचव तिला. जीव घेशील पोरीचा."

झटपटनं तिला उचलून घेतलं. चालत नेली, कारण बसची वाट बघणंही पोरीला सोसेना. वाटेत दुकानं दाखवली, गाणी म्हटली, काही उपयोग झाला नाही. टायरच्या दुकानाशी येताच नात कडेवरून घसरली आणि धडधड जिना चढून गेली. वरचं दार उघडलं, मिटलं. रडणं थांबलं, इतक्या लगेच की कुणी कधी रडलंच नव्हतं जणू.

जावयानं हातोडी खाली ठेवली. "काय झालं? लवकर आणलीत."

"तिला घरची आठवण आली," झटपट म्हणाली.

"मग कशाला उगाच नेआण करता?" तो म्हणाला, आणि पुन्हा कामाला लागला.

पुन्हा विचारायला ती गेली नाही. एकदा तो जुना गंधवाला रस्त्यात भेटला, काठी टेकत चालला होता. तिनं त्याला थांबवून विचारलं, गेलेलं परत आणायचा काही वास आहे का. त्यानं प्रामाणिकपणे नाही म्हटलं. लांब वास मिळेल, म्हणाला, पण त्यानं हातात असलेलंच लांब होतं. "तुमच्या हातात आत्ता काय आहे, ताई?"

दिवे लागायला अजून अवकाश होता. ती घराकडे वळली. नवऱ्याला चहा करून द्यायचा होता, मग भाजी चिरायची होती, आणि त्यानंतरही दुपार बरीच उरणार होती.